टाळीचं वाक्य

'विंगेतून' : वाचकांचे प्रश्न, ताईंची उत्तरं

या खेपेला टपालात एकोणीस पत्रं आली, त्यातली अकरा नट्यांवर. त्यांच्या कामावर नव्हे, त्यांच्या राजकारणावर. फोन उघडला की कोणी ना कोणी माजी मालिकासून परराष्ट्र धोरण समजावून सांगत असते, त्यामुळे नवल वाटलं नाही. अकरापैकी पाच घेतली आहेत. दोन पत्रांत नुसत्या शिव्या होत्या. अक्षर मात्र सुरेख.

प्रश्न : ताई, माझ्या धाकट्या बहिणीची मुलगी दोन मालिकांत होती. एकीत नायिकेची नणंद, दुसरीत खलनायिकेची मैत्रीण. दीड वर्षापूर्वी काम सुटलं, तेव्हापासून ती राजकारणावर व्हिडिओ करते. पहिला केला तो मालिकेतल्या लोकांचे पैसे कसे थकतात त्यावर, तो सहाशे लोकांनी पाहिला. मग एका पुढाऱ्याच्या बायकोची नक्कल केली, ती चार लाख लोकांनी. तेव्हापासून रोज कोणाला तरी झोडपणं चालू आहे. आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर तिचे व्हिडिओ येतात आणि खाली लोक काहीबाही लिहितात. माझे यजमान दुसऱ्या पक्षाचे, ते तिचं नाव काढू देत नाहीत. दिवाळीत ती चार दिवस आमच्याकडे होती. फोन पुस्तकांच्या गठ्ठ्यावर टेकवून एकच वाक्य तिने अकरा वेळा म्हटलं, दर वेळी आवाज चढवून. मी कुकर लावला होता. शिट्टी झाली की पुन्हा पहिल्यापासून. अकराव्या वेळी तिच्या डोळ्यांत पाणी आलं. मग फोन बंद केला आणि म्हणाली, "मावशी, भूक लागली, काय केलंयस?" तिला खरंच राग आला होता की नाही, हेच मला कळेना. मे महिन्यात माझ्या मुलाचं लग्न आहे. तिला बोलवू का? आणि तिला सांगू तरी काय? (एक मावशी, इंदिरानगर)

उत्तर : बोलवा. पत्रिका व्हॉट्सअॅपवर ढकलू नका, बहिणीच्या घरी जाऊन कुंकू लावून हातात द्या आणि भाचीला वेगळा फोन करा. यजमानांना म्हणावं, अक्षता टाकायला पक्षाची पावती फाडावी लागत नाही. शिवाय निम्मं वऱ्हाड तिच्याबरोबर फोटो काढायला धावेल आणि यजमानांचे पक्षातले मित्र त्यात पुढे असतील, हे मी लिहून देते.

आता तो कुकर. पत्रातला तेवढा भाग मी तीनदा वाचला. मी सव्वीस वर्षं हौशी नाटकांना प्रॉम्प्टिंग केलं, म्हणजे नट अडला की विंगेतून वाक्य पुरवलं. राज्य नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी, नाशिकचं साईखेडकर नाहीतर कालिदास नाट्यगृह, डावी विंग, एक डुगडुगतं स्टूल, मांडीवर संहिता आणि हातात रुमाल गुंडाळलेली बॅटरी. रुमाल अशासाठी, की उजेड रंगमंचावर सांडू नये. तिथे बसून पाहिलंय, नटीच्या डोळ्यांतलं पाणी खरं असतं. पडदा पडल्यावर तीच बाई "चहा आला का गं?" म्हणते, तेही खरंच असतं. तेव्हा भाचीला राग आला होता का, यात तुम्ही अडकू नका. आला होता. अकराव्या खेपेला येतोच, तो आणायचं शिक्षणच घेतलंय तिने. मी असते तर एवढंच पाहिलं असतं, की वाक्य कोणाचं होतं.

आमच्या एका नाटकात माझ्या मैत्रिणीने भर प्रयोगात पदरचं वाक्य घातलं. सासूशी भांडता भांडता म्हणाली, "तुमचा शब्द म्हणजे महापालिकेचं पाणी, येईल तेव्हा खरं!" त्या आठवड्यात गावात पाण्याची बोंब होती. हॉल अक्षरशः फुटला. मी संहितेवर बोट ठेवून बसलेली, मलाच पुढची ओळ सापडेना. पुढच्या प्रयोगाला तिने तसली तीन वाक्यं घरून लिहून आणली. त्याच्या पुढच्याला सात. शेवटी सासूचं काम करणारी बाई विंगेत येऊन मला म्हणाली, "मी नक्की कोणाशी भांडतेय, सुनेशी की आयुक्तांशी?" नाटक लांबलं आणि स्पर्धेत आमचं पानिपत झालं.

मैत्रीण वाईट नव्हती हो. पहिलं वाक्य तिचं स्वतःचं होतं, तिच्या घरी त्या दिवशी हंडाभर पाणी नव्हतं. पुढची दहा टाळीने लिहून दिली. आमच्याकडे निदान दिग्दर्शक होता, त्याने तिला दुसऱ्या दिवशी चांगलं फैलावर घेतलं. भाचीच्या समोर फोन आहे. तो फक्त टाळ्या मोजतो.

तिचा तो सहाशेवाला व्हिडिओ मी नातवाकडून शोधून घेतला. त्यात ती तेरा तासांच्या शिफ्टबद्दल बोलते, काम केल्यावर नव्वद दिवसांनी येणाऱ्या पैशांबद्दल बोलते, आणि मेकअपदादांनी मुलीची फी भरायला तिच्याकडेच उसने मागितले ते सांगते. दोनदा अडखळते. एकदा शब्द शोधायला खाली बघते. मला तिचा शब्द न् शब्द पटला. आणि सहाशे म्हणजे काय कमी आहेत? आमच्या स्पर्धेच्या प्रयोगाला एवढी माणसं कधी आली असती तर आम्ही पेढे वाटले असते.

तिला उपदेश करू नका. पोळ्या लाटता लाटता विचारा, "त्या मेकअपदादांचं पुढे काय झालं गं?" ती सांगू लागली की तुमचं काम झालं. आणि सोसायटीच्या ग्रुपवर पुन्हा व्हिडिओ आला, तर खाली एवढंच लिहा : "ही माझी भाची आहे." मग बघा काका लोकांची बोटं कशी थांबतात.

प्रश्न : स्पष्टच विचारतो. तोंडाला रंग लावून दुसऱ्याची वाक्यं बोलणाऱ्या बायकांना राजकारणातलं काय कळतं? (निवृत्त मुख्याध्यापक, पंचवटी)

उत्तर : सर, तुम्ही पंचवटीतले, म्हणून गावापासूनच सुरू करते. २१ डिसेंबर १९०९ ला अनंत कान्हेऱ्यांनी कलेक्टर जॅक्सनला गोळ्या घातल्या, त्या विजयानंद थिएटरात, 'शारदा' नाटकाच्या प्रयोगाला. नाटक आणि राजकारण या गावात असे एकाच छपराखाली बसलेले आहेत.

आता रंगाचं. त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१३ मध्ये 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट काढला तेव्हा राणी तारामतीच्या कामाला बाई मिळेना. पार वेश्यावस्तीत जाऊन विचारलं, तिथूनही नकार. शेवटी हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंकेंना लुगडं नेसवलं. पुढच्याच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कोवळ्या वयातली मुलगी कमला उभ्या राहिल्या. त्या काळी बाईने कॅमेऱ्यासमोर नुसतं उभं राहणं हेच लोकांना झोंबायचं, तोंड उघडायचीही गरज नव्हती. पाण्डवलेण्याच्या पायथ्याशी फाळके स्मारकात फिरायला जाता ना? तेव्हा या दोघी मायलेकींची आठवण काढा.

काय कळतं म्हणता, तर सगळ्यांना सारखं कळत नाही, हे मान्य. स्नेहलता रेड्डी कन्नडमधल्या अभिनेत्री. आणीबाणीत, १९७६ साली, सरकारविरुद्ध स्फोटांचा कट रचल्याच्या बडोदा डायनामाइट प्रकरणात त्यांना अटक झाली. दम्याचा विकार असताना त्या बंगळूरच्या तुरुंगात राहिल्या. जानेवारी १९७७ मध्ये पॅरोलवर सुटल्या आणि पाच दिवसांत गेल्या. त्यांना राजकारण कळत नव्हतं असं म्हणायची माझी छाती नाही. याउलट नर्गिस. १९८० मध्ये राज्यसभेवर गेल्या आणि सत्यजित राय यांच्यावर घसरल्या, की हे भारताचं दारिद्र्य परदेशात दाखवतात. मला नर्गिस अतिशय आवडतात, आणि ते बोलणं अजिबात आवडत नाही. दोन्ही एकाच वेळी चालतं, सर.

कंगना राणावतचं नाव पाच पत्रांत आहे, तुमच्या पत्रात ते नसूनही आहे. तिच्या गोष्टीत मला दोन प्रसंग बघण्यासारखे वाटतात. सप्टेंबर २०२० मध्ये मुंबई महापालिकेने तिच्या पाली हिलच्या कार्यालयावर हातोडा चालवला. नोव्हेंबरात उच्च न्यायालयाने ती कारवाई आकसाची ठरवली आणि नोटीस रद्द केली. त्याच निकालात तिलाही सांगितलं, की जाहीर बोलताना संयम बाळगा. लोकांनी आपापल्या सोयीचा अर्धा निकाल कापून घेतला आणि तोच फिरवला. दुसरा प्रसंग २०२४ चा. मंडीतून खासदार झाल्यावर ऑगस्टमध्ये ती शेतकरी आंदोलनावर बोलली आणि तिच्याच पक्षाने पत्रक काढलं, की हे पक्षाचं मत नाही आणि धोरणावर बोलायची तिला परवानगीही नाही. विंगेत बसलेल्या बाईला हे पत्रक लगेच कळतं. नट संहितेबाहेर गेला, की लेखक आधी हात झटकतो.

तुमच्या वाक्यातला 'बायकांना' हा शब्द मात्र मला टोचला. नट डॉ. श्रीराम लागू म्हणाले, देवाला आता निवृत्त करा. केवढा गदारोळ झाला! पण लोक भांडले ते देवावरून. डॉक्टरांच्या शर्टाच्या रंगावर कोणी अवाक्षर काढलं नाही. बाई बोलली की पहिला शेरा लिपस्टिकवर येतो, दुसरा तिच्या नवऱ्यावर, आणि मुद्द्याची पाळी येईपर्यंत दिवे गेलेले असतात.

प्रश्न : हिंदी मालिकेतल्या एका बाईंचा व्हिडिओ आमच्या गावात फिरतोय. कांद्याचा भाव वाढला की शेतकरी नव्या गाड्या घेतो, असं त्या म्हणतात. पोरं खवळलीत, बाईंचे फोटो घेऊन घाणेरडं काही बनवून टाकतायत. मी काय करावं? (एक कांदा उत्पादक, निफाड तालुका)

उत्तर : दादा, आधी पोरांचे फोन काढून घ्या. बाईंनी मूर्खपणा केला तो शब्दांचा. पोरं करतायत तो गुन्हा आहे, आणि उद्या बातमी होईल ती पोरांच्या गुन्ह्याची. तुमचा कांदा बाजूलाच राहील.

मग तुमच्यापैकी एखाद्या बोलक्या माणसाला कांदा साठवायच्या चाळीच्या तोंडाशी उभं करा. ऑगस्टातली चाळ. तो वास फोनमधून जात नाही हे दुर्दैव, पण वरून टणक दिसणारा उन्हाळ कांदा हातात घेऊन दाबला आणि अंगठा आत गेला, हे दिसतं. मग तारखा सांगा. ऑगस्ट २०२३ मध्ये निर्यातीवर ४० टक्के शुल्क. ८ डिसेंबर २०२३ ला निर्यातच बंद. ४ मे २०२४ ला उघडली, तीही टनाला ५५० डॉलरच्या आत विकायचं नाही या अटीवर आणि वर ते ४० टक्के होतंच. आपल्याकडे लोकसभेचं मतदान होतं २० मे ला. शुल्क पुरतं गेलं ते १ एप्रिल २०२५ ला. एवढ्या काळात चाळीत किती सडला आणि लासलगावला लिलावात काय पुकारलं गेलं, हे तुमच्या वहीतून वाचून दाखवा. विक्रीची पट्टी असेल तर तीही दाखवा. आवाज चढवायचा नाही.

२०१८ च्या मार्चमध्ये नाशिकहून निघालेला मोर्चा आठवतो ना? मुलांची दहावीची परीक्षा आहे म्हणून माणसं फुटलेल्या पायांनी रात्रीतून चालत आझाद मैदानावर गेली. ज्या मुंबईकरांना कांदा फक्त भज्यांत माहीत होता, ते पाणी आणि बिस्किटं घेऊन रस्त्यावर उतरले. त्या रात्री कोणीही टाळीचं वाक्य बोललं नव्हतं.

व्हिडिओ झाला की त्या बाईंना पाठवा, खाली 'ताई, एकदा या' असं लिहा. येणार नाहीत. तरी लिहा.

प्रश्न : मी कॉलेजात एकपात्री करते, दोन लघुपटांत काम केलंय. मला राजकीय विनोदाचे व्हिडिओ करायचेत. आई म्हणते, पोलीस धरून नेतील. खरंच नेतात का? (एस. वाय. बी. ए., कॉलेज रोड)

उत्तर : बाळ, आईला वेड्यात काढू नकोस. नेलेलं आहे. २०१२ मध्ये पालघरच्या दोन मुलींना बाळासाहेब ठाकरे गेल्यावरच्या मुंबईच्या बंदवर फेसबुकवर लिहिलं म्हणून अटक झाली. एकीने लिहिलं होतं, दुसरीने ते फक्त आवडल्याचं बटण दाबलं होतं. त्यातूनच पुढे खटला उभा राहिला आणि मार्च २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने माहिती तंत्रज्ञान कायद्यातलं ६६ अ कलमच रद्द केलं. पण कलम गेलं म्हणून सवय जात नाही. मे २०२२ मध्ये केतकी चितळे या मराठी अभिनेत्रीला शरद पवारांवरच्या एका कवितेची पोस्ट टाकल्याबद्दल अटक झाली. मजकूर दुसऱ्याचा, तिने पुढे टाकलेला. सुटायला सुमारे ४० दिवस लागले. त्याच महिन्यात आपल्या जिल्ह्यातला एक विद्यार्थीही ट्विटवरून आत गेला. मला ती पोस्ट हीन वाटली होती, आजही वाटते. हीन कवितेला ४० दिवसांचा तुरुंग, हे गणित मात्र मला सुटत नाही. पोलीस ठाण्याबाहेर तिच्यावर शाई आणि अंडी फेकणाऱ्यांचं तर त्याहून नाही.

तू काय करायचंस? नवा कायदा, भारतीय न्याय संहिता, १ जुलै २०२४ पासून लागू आहे. त्यातलं बदनामीचं ३५६ आणि गटागटांत तेढ लावण्याचं १९६, ही दोन कलमं बसून वाच, मराठीत मिळतात. पुढाऱ्याच्या कामावर हस, वाट्टेल तेवढी. त्याच्या आजारावर, जातीवर, बायकोवर हसू नकोस. एखाद्याने पैसे खाल्ले असं म्हणायचं असेल तर कागद हातात हवा. दुसऱ्याचं लिहिलेलं पुढे टाकताना ते स्वतः लिहिल्याइतकं वाच. आणि कोणी "ताई, हे एवढं बोला, आम्ही पैसे देतो" म्हणत आलं, तर आईला फोन दे.

एक जुनी गोष्ट सांगते. हॉलीवुडची जेन फोंडा १९७२ मध्ये व्हिएतनाम युद्धाच्या विरोधात हनोईला गेली. तिचं म्हणणं काय होतं ते आज फार थोड्यांना आठवतं. विमानविरोधी तोफेवर हसत बसलेला तिचा फोटो सगळ्यांना आठवतो. त्याबद्दल तिने १९८८ मध्ये टीव्हीच्या पडद्यावरून सैनिकांची माफी मागितली. युद्धाला केलेल्या विरोधाबद्दल नव्हे, त्या फोटोबद्दल. तेव्हा व्हिडिओचं पहिलं चित्र कोणतं ठेवतेस, इकडेही लक्ष असू दे.

पहिला झाला की मला पाठव. नातू लावून देईल.

प्रश्न : ताई, दुसऱ्यांना शहाणपण शिकवता. तुम्ही स्वतः राजकारणावर का लिहीत नाही? घाबरता काय? (नाव लिहिलेलं नाही, शिक्का नाशिकरोडचा)

उत्तर : लिहिलं होतं. तीन वर्षांपूर्वी, याच पानावर. एका वाहिनीवर चर्चा होती आणि एका पक्षाच्या प्रवक्त्या म्हणून पूर्वाश्रमीच्या एक नटी बसल्या होत्या. नखशिखांत नटलेल्या, नाकात भली मोठी नथ. मी लिहिलं, की बाई चर्चेला आल्या होत्या की हळदीकुंकवाला, आणि वाण म्हणून मुद्दे घरी विसरल्या काय. वाक्य चांगलं जमलं होतं, मला लिहितानाच हसू आलं. कौतुकाची बावन्न पत्रं आली. या सदराला तोवर कधी एवढी आली नव्हती. मंगल कार्यालयात बायका हात धरून सांगायच्या, "नथीचं वाचलं हं!" पुढच्या महिन्यात मी आणखी एकीच्या साडीवर लिहिलं, तेही तुम्ही वाचलं असेल.

मग सिन्नरहून एक पोस्टकार्ड आलं. दोनच ओळी. 'नथ कळली. बाई म्हणत काय होत्या?'

उत्तर लिहायला बसले. चर्चा आपल्याच पाण्याची होती, गंगापूर-दारणा धरणांतून मराठवाड्यातल्या जायकवाडी धरणाला किती सोडायचं त्याची. माझ्या जिल्ह्याचं पाणी, माझ्या गंगेचं, म्हणजे गोदावरीचं. दीड तास मी ती चर्चा पाहिली होती, आणि बाईंचं एकही वाक्य मला आठवेना. नथ आठवत होती. मोत्यांची, मध्ये लाल खडा, आणि खालचा एक मोती तारेतून सुटायला आलेला.

ते पोस्टकार्ड अजून माझ्या संहितेच्या पेटीत आहे. उत्तर दिलेलं नाही.